रुडॉल्फ कार्टिअर: लाईव्ह टीव्हीच्या छोट्या डब्यात मोठं नाटक मावतं हे दाखवणारा माणूस

आधी एक गोष्ट डोक्यात पक्की बसवून घ्या, नाहीतर पुढचं काहीच लागणार नाही. १९५० च्या दशकात इंग्लंडमध्ये टीव्हीवर जे नाटक दिसायचं ते जवळपास सगळं त्याच क्षणी घडत असायचं. म्हणजे रात्री साडेआठला तुम्ही घरी सोफ्यावर बसून एखाद्या नटाला रडताना बघताय तर तो नट लंडनच्या एका स्टुडिओत खरोखर त्याच मिनिटाला रडतोय. रेकॉर्डिंग नाही, एडिटिंग नाही, रिटेक नाही. व्हिडिओ टेप नावाची वस्तू तेव्हा वापरात नव्हतीच, ती अमेरिकेत १९५६ ला आली आणि ब्रिटनमध्ये रुळायला आणखी काही वर्षं गेली. रविवारी नाटक झालं आणि गुरुवारी ते परत दाखवायचंय, तर सगळे नट गुरुवारी परत स्टुडिओत यायचे आणि पूर्ण नाटक पहिल्यापासून परत करायचे! तेव्हाचा रिपीट टेलिकास्ट म्हणजे हे.

आता या अशा टीव्हीवर एका माणसाने रॉकेट कोसळवलं, वेस्टमिन्स्टर ॲबे या लंडनच्या जुन्या, प्रसिद्ध चर्चमध्ये राक्षस चढवला, हुकूमशाहीतलं अख्खं शहर उभं केलं. त्याचं नाव रुडॉल्फ कार्टिअर. सायन्स फिक्शनची आवड असणाऱ्यांना क्वाटरमास हे टीव्ही मालिकांमधल्या शास्त्रज्ञाचं नाव माहीत असतं, थोड्यांना त्याचा लेखक नायजेल नील माहीत असतो, पण ज्याने ते पडद्यावर आणलं तो कार्टिअर मात्र बऱ्याचदा मागेच राहतो आणि मला ते खटकतं, म्हणून हा लेख.

कार्टिअर मुळात ब्रिटिश नव्हताच. जन्म व्हिएन्नाचा, १९०४ चा, मूळ आडनाव काचर, कुटुंब ज्यू. आधी आर्किटेक्चर शिकत होता, मग ते सोडून नाटकाकडे वळला आणि माक्स राइनहार्टसारख्या त्या काळातल्या फार मोठ्या दिग्दर्शकाकडे शिकला. १९२९ च्या सुमारास बर्लिनला जाऊन सिनेमाच्या पटकथा लिहायला लागला, त्यात बऱ्याच गुन्हेगारी कथा, पुढे ऊफा या जर्मनीच्या सगळ्यात बड्या फिल्म कंपनीत काम केलं. म्हणजे हा माणूस प्रोड्युसर नंतर झाला, आधी लेखक होता, आणि ज्या जर्मन सिनेमात सावल्या, भव्य सेट, हजारोंचे जमाव हे रोजचं होतं त्या सिनेमात त्याची जडणघडण झाली. हे लक्षात ठेवा, पुढे कामाला येणार आहे.

१९३३ ला हिटलर सत्तेवर आला आणि ज्यू कलाकारांना जर्मनीत जागा उरली नाही. कार्टिअर बाहेर पडला, अमेरिकेत नशीब आजमावलं, तिथे काही जमलं नाही आणि १९३५ ला तो इंग्लंडमध्ये आला. मागे राहिलेल्या घरच्यांपैकी कित्येक जण नाझींनी मारले, त्यात त्याची आईही होती. इंग्लंडमध्येही पुढची बरीच वर्षं कोरडीच गेली, १९४८ ला 'कॉरिडॉर ऑफ मिरर्स' नावाचा एक सिनेमा त्याने प्रोड्युस केला आणि त्याच्या लेखनातही हात लावला (पुढे ड्रॅक्युला म्हणून गाजलेल्या ख्रिस्तोफर ली या नटाचा हा पहिला सिनेमा) पण गाडी काही रुळावर येत नव्हती. बीबीसीत त्याला संधी मिळाली तेव्हा तो ४८ वर्षांचा होता. अठ्ठेचाळीस! एवढ्या वयात, दुसऱ्या देशात, नंतर शिकलेल्या भाषेत माणसाने नव्याने सुरुवात केली आणि मग त्या माध्यमाची व्याख्याच बदलली.

१९५२ ला मायकेल बॅरी बीबीसी टीव्हीच्या नाटक विभागाचा प्रमुख झाला, त्याने कार्टिअरला मुलाखतीला बोलावलं. कार्टिअरने तिथे सरळ सांगून टाकलं की तुमची नाटकं भयंकर आहेत, तुम्हाला नव्या संहिता पाहिजेत आणि नवी पद्धत पाहिजे. बॅरी चिडला नाही, त्याने त्याला घेतलं. मला बॅरीचंही कौतुक वाटतं, कारण नोकरी मागायला आलेल्या परदेशी माणसाने तोंडावर असं सांगितल्यावर बहुतेक साहेबांनी काय केलं असतं ते आपल्याला माहितीये.

पण ती नाटकं खरंच एवढी वाईट का होती? इथे जरा टेक्निकल भाग समजून घेऊ.

तेव्हा बीबीसीचं चित्र ४०५ आडव्या ओळींनी बनलेलं, म्हणजे आजच्या मानाने बरंच धूसर, काळंपांढरं, आणि घरातला पडदा लहान, १२ इंचांच्या आसपासचा. त्यामुळे बीबीसीत एक समज पक्का होता की टीव्ही हे 'जवळिकीचं' माध्यम आहे, म्हणजे दोन माणसं, एक खोली, चेहऱ्याचे क्लोजअप, हळू आवाजातलं बोलणं, बस. भव्य काही करायचं असेल तर सिनेमावाल्यांनी करावं, एवढ्याशा पडद्यावर गर्दी दाखवली तर मुंग्या दिसणार. वरवर पाहिलं तर हे पटण्यासारखंच आहे, म्हणून तर तो समज टिकला. शिवाय यातली बरीच नाटकं ही रंगभूमीवरची तयार नाटकं असायची, ती उचलायची, स्टुडिओत दिवाणखाना उभा करायचा आणि कॅमेरे लावायचे.

दुसरी अडचण त्याहून मोठी, ती म्हणजे लाईव्हपणाची. समजा नायक ऑफिसात सूट घालून उभा आहे आणि पुढच्या सीनमध्ये तो तुरुंगात फाटक्या कपड्यांत पाहिजे. सिनेमात कट म्हणायचं, जेवून यायचं, कपडे बदलायचे, उद्या शूट करायचं. लाईव्हमध्ये वेळ थांबत नाही ना. नटाने एका सेटवरून दुसऱ्या सेटवर पळायचं, तेही आवाज न करता, जमिनीवर पसरलेल्या कॅमेऱ्याच्या केबल चुकवत, कारण शेजारी दुसरा सीन चालू आहे आणि माईक उघडा आहे. मग लेखक काय करायचे, नायक पळत असताना मधे कुठल्यातरी दुय्यम पात्रांचं निरर्थक बोलणं घालायचे. प्रेक्षकाला वाटायचं कथा रेंगाळतेय आणि ती खरंच रेंगाळत असायची, नटाला शर्ट बदलायला वेळ मिळावा म्हणून!

यावरचा उपाय होता फिल्म इन्सर्ट. काही तुकडे आधीच बाहेर जाऊन सिनेमाच्या फिल्मवर शूट करून ठेवायचे आणि लाईव्ह नाटक चालू असताना बरोब्बर त्या सेकंदाला ते मधे सोडायचे. यासाठी टेलिसिने नावाचं मशीन असतं, ते फिल्म चालवतं आणि तिचं टीव्हीच्या सिग्नलमध्ये रूपांतर करतं. पण मशीनला वेग पकडायला काही सेकंद लागतात, म्हणून स्टुडिओच्या वर कंट्रोल रूममध्ये बसलेल्या माणसाने फिल्म लागायच्या आधीच मशीन सुरू करायचा हुकूम द्यायचा आणि खाली नटाने आपलं वाक्य त्याच हिशोबाने संपवायचं. नट एक वाक्य विसरला, अडखळला, की गणित कोलमडलं, कारण फिल्म सुटलेली आहे, ती थांबणार नाही.

हे तंत्र कार्टिअरने शोधलं असं नाही हं, फिल्मचे तुकडे आधीही वापरायचे. पण तेव्हा ते बहुतेक वेळा जोडकामासाठी असायचे, गाडी आली, दार उघडलं, असले. कार्टिअरच्या डोक्यात बर्लिनचा सिनेमा होता. त्याने विचार उलटा केला: फिल्म चालू असताना नटाला जागा आणि कपडे बदलायला वेळ मिळतोच आहे, तर त्याच वेळात प्रेक्षकाला बाहेरचं जग का दाखवू नये? रस्ते, पडक्या इमारती, जमाव, आकाश. म्हणजे जी गोष्ट अडचणीवरचं ठिगळ होती तीच त्याने नाटकाची खिडकी केली. माझ्या मते त्याच्या सगळ्या करिअरची किल्ली इथे आहे, बाकी सगळं यातूनच येतं.

आणखी एक, तेव्हा बीबीसीत 'प्रोड्युसर' म्हणजे आज आपण समजतो तसा पैशांचं बघणारा माणूस नव्हे. प्रोड्युसरच दिग्दर्शक असायचा, नट तोच निवडणार, संहितेवर तोच काम करणार, सेटवाल्यांशी तोच भांडणार आणि त्या रात्री कंट्रोल रूममध्ये बसून कुठल्या क्षणी कुठला कॅमेरा हेही तोच ठरवणार. कार्टिअरसारख्या माणसाला हे फार मानवलं.

जुलै १९५२ मधलं त्याचं पहिलं बीबीसी नाटक म्हणजे 'ॲरो टु द हार्ट', एका जर्मन कादंबरीवरून त्याने स्वतःच केलेलं रूपांतर. बॅरीला संवाद फार जर्मन वळणाचे वाटले म्हणून त्याने विभागातल्या एका तरुण लेखकाला ते सुधारायला दिलं. तो तरुण म्हणजे नायजेल नील, आइल ऑफ मॅन या बेटावरच्या कुटुंबातला. अशी ही जोडी जमली, निव्वळ संवादांच्या डागडुजीतून. नीलही बीबीसीच्या संथ नाटकांना वैतागलेलाच होता.

पुढच्या वर्षी, १९५३ च्या जुलै-ऑगस्टमध्ये दर शनिवारी रात्री, सहा भागांत 'द क्वाटरमास एक्सपेरिमेंट' झालं. गोष्ट अशी की प्रोफेसर क्वाटरमासने अवकाशात पाठवलेलं रॉकेट तीन माणसं घेऊन जातं आणि परत येतं तेव्हा आत एकच जिवंत असतो, आणि तोही हळूहळू माणूस राहत नाही, वनस्पतीसारखं काहीतरी व्हायला लागतो. आज या कथेवरून निघालेल्या शंभर कथा आपण पाहिल्यात पण तेव्हाच्या ब्रिटिश टीव्हीवर मोठ्यांसाठी असं काही नव्हतं. काळही बघा, नुकतंच जूनमध्ये राणीचा राज्याभिषेक टीव्हीवर दाखवला होता, त्यासाठी लोकांनी हजारोंनी सेट घेतले होते, म्हणजे घराघरांत नवाकोरा टीव्ही आणि त्यावर हे.

पैसे किती? सहा भागांना मिळून ४००० पौंडांच्या आत. स्टुडिओ कुठला? अलेक्झांड्रा पॅलेसमधला, जिथून १९३६ ला बीबीसीची टीव्ही सेवा सुरू झाली होती, आणि कॅमेरेही त्याच जमान्यातले. स्पेशल इफेक्टचा विभाग तेव्हा बीबीसीत नव्हताच. शेवटच्या भागात तो राक्षस वेस्टमिन्स्टर ॲबेत वर चढून बसलेला दाखवायचा होता, तर ॲबेच्या आतल्या भागाचा मोठा फोटो घेतला, त्याला भोकं पाडली, आणि नीलने स्वतः हातात पालापाचोळा आणि चामडं चिकटवलेले हातमोजे घालून ते हात भोकांतून हलवले. हातमोजे बनवायला त्याची होणारी बायको ज्युडिथ कर होती, जी पुढे लहान मुलांच्या पुस्तकांची प्रसिद्ध लेखिका झाली आणि जी स्वतः १९३३ ला बर्लिनमधून पळून आलेल्या ज्यू कुटुंबातली मुलगी होती. ब्रिटिश टीव्हीचा पहिला मोठा राक्षस असा तयार झाला आणि तो लाईव्ह होता, लेखकाचा हात जरा जास्त बाहेर आला असता तर सगळ्या देशाला दिसला असता. शेवटच्या भागाला साधारण ५० लाख प्रेक्षक होते.

वाईट याचं वाटतं की सहापैकी दोनच भाग आज शिल्लक आहेत. टेप नव्हती तर ते दोन तरी कसे राहिले? त्याला टेलिरेकॉर्डिंग म्हणायचे, म्हणजे टीव्हीच्या पडद्यासमोर सिनेमाचा कॅमेरा लावून पडद्यावरचं चित्र फिल्मवर उतरवायचं. दर्जा यथातथाच. दुसऱ्या भागाच्या वेळी तर एक किडा त्या पडद्यावर येऊन बसला आणि तोही रेकॉर्ड झाला, आजही दिसतो. दर्जा नीट नाही म्हणून पुढचे चार भाग उतरवलेच नाहीत.

मग आलं ते नाटक ज्याने कार्टिअरचं नाव पार्लमेंटमध्ये पोचवलं. जॉर्ज ऑर्वेलची 'नाइन्टीन एटी-फोर' ही कादंबरी १९४९ ची, प्रत्येक माणसावर नजर ठेवणाऱ्या हुकूमशाहीची गोष्ट, तिचं टीव्ही नाटक नीलने लिहिलं आणि कार्टिअरने १२ डिसेंबर १९५४ ला, रविवारी रात्री, बीबीसीच्या लंडनमधल्या लाइम ग्रोव्ह स्टुडिओतून लाईव्ह केलं. इथे एक आपल्याकडचा धागा सांगतोच. ऑर्वेल दुसऱ्या महायुद्धात बीबीसीच्या भारतासाठीच्या विभागात नोकरीला होता आणि तिथे त्याच्याबरोबर काम करत होत्या आपल्या कोल्हापूरकडच्या वेणू चितळे, ज्या पुढे बीबीसीवरून मराठीतही बोलायच्या. प्रचार म्हणजे काय आणि तो ऑफिसात बसून कसा तयार होतो हे ऑर्वेलने त्या नोकरीत जवळून पाहिलं होतं.

नाटक जवळपास दोन तासांचं. मुख्य भूमिकेत पीटर कुशिंग, बरोबर यव्होन मिचेल, आंद्रे मोरेल, डोनाल्ड प्लेझन्स. दोन डझनांहून जास्त सेट एकाच स्टुडिओत खेटून उभे केलेले. पार्श्वसंगीतही लाईव्ह, शेजारच्या स्टुडिओत ऑर्केस्ट्रा बसवलेला आणि कंडक्टर पडद्यावर नाटक बघत बघत वाजवून घेतोय, म्हणजे स्टुडिओतला नट, टेलिसिनेवरची फिल्म आणि पलीकडचे वादक हे तिन्ही कार्टिअरने एका वेळी सांभाळायचे. कुशिंग एका सेटवर संपवून पुढच्या सेटवर जाईपर्यंत फिल्म चालते, त्यात उद्ध्वस्त शहर दिसतं, आणि प्रेक्षकाला वाटतं किती मोठं जग आहे हे! खर्च ३००० पौंडांच्या घरात, जो टीव्ही नाटकासाठी तेव्हा फार होता.

आणि भिंतीवरून बघणारा तो मोठा चेहरा, म्हणजे कादंबरीतला हुकूमशहा बिग ब्रदर. इथे बघा, 'छोट्या पडद्यावर मोठं दाखवू नये' या समजाला कार्टिअरने काय उत्तर दिलं ते. प्रेक्षक स्वतःच्या घरात, एका डब्यासमोर बसलाय आणि त्या डब्यातून एक चेहरा त्याच्याकडे टक लावून बघतोय. कादंबरीतही हेच आहे की घरातला पडदा तुमच्यावर नजर ठेवतो! सिनेमागृहात हा परिणाम असा होऊच शकत नाही, तो घरातच होतो. म्हणजे भव्यता फिल्म इन्सर्टमधून आणि भीती क्लोजअपमधून, दोन्ही एकाच नाटकात. कार्टिअर जवळिकीच्या विरोधात नव्हता हे लोक विसरतात, तो फक्त म्हणत होता की एवढ्यावरच थांबू नका.

गदारोळ झाला. छळाचा प्रसंग, उंदरांचा प्रसंग, लोक हादरले, बीबीसीला तक्रारींचे फोन, पेपरात मोठे मथळे. काही खासदारांनी ठराव मांडला की बीबीसी रविवारच्या रात्री क्रूरपणाला आणि कामुकतेला खतपाणी घालतेय, तर दुसऱ्या बाजूच्यांनी बीबीसीच्या धाडसाचं कौतुक करणाऱ्या दुरुस्त्या मांडल्या. गुरुवारचा दुसरा प्रयोग रद्द करा अशी मागणी झाली. कार्टिअरला जिवे मारण्याच्या धमक्या आल्या. ज्या माणसाची आई हुकूमशाहीने मारली त्याने हुकूमशाही कशी असते ते दाखवलं म्हणून त्याला धमक्या, हे वाचून मला आजही संताप येतो. तेवढ्यात राणीचे पती प्रिन्स फिलिप एका कार्यक्रमात बोलून गेले की आम्ही दोघांनी नाटक पाहिलं आणि आवडलं. बीबीसी मागे हटली नाही, १६ डिसेंबरला सगळे नट परत आले, परत दोन तास लाईव्ह, आणि प्रेक्षक किती, तर सुमारे ७० लाख, राज्याभिषेकानंतरचा सगळ्यात मोठा आकडा. या दुसऱ्या प्रयोगाचं टेलिरेकॉर्डिंग झालं, म्हणून ते नाटक आपल्याला आज बघता येतं.

पुढचं थोडक्यात सांगतो, नाहीतर यादीच होईल. सप्टेंबर १९५५ ला ब्रिटनमध्ये पहिलं खासगी चॅनल आलं आणि बीबीसीला स्पर्धा सुरू झाली, त्यानंतर महिन्याभरात 'क्वाटरमास २' आलं. आधीचा मुख्य नट रेजिनाल्ड टेट ऐनवेळी वारला, त्याच्या जागी जॉन रॉबिन्सनला घाईने घ्यावं लागलं. यात कार्टिअर फिल्म युनिट घेऊन एसेक्समधल्या शेल हेवनच्या रिफायनरीत गेला आणि तिथल्या टाक्या, पाइप, धूर यातून परग्रहवासीयांचा गुप्त कारखाना उभा राहिला, एक विटही न रचता! १९५८ च्या डिसेंबरपासून 'क्वाटरमास अँड द पिट', माझ्या मते तिन्हींत सगळ्यात चांगली. लंडनमध्ये खोदकामात एक जुनं यान सापडतं आणि कळतं की माणसांच्या मनातला वंशद्वेष, वेगळ्याला मारून टाकायची ओढ, ही फार जुनी रोवलेली आहे. त्याच वर्षी उन्हाळ्याच्या शेवटी लंडनच्या नॉटिंग हिल भागात कृष्णवर्णीयांवर हल्ले झाले होते, दंगल झाली होती, म्हणजे प्रेक्षकाला ते कुठे दूरचं वाटलंच नसणार. शेवटच्या भागाला प्रेक्षक १ कोटीच्या वर.

पण त्याला फक्त सायन्स फिक्शनवाला म्हणणं अन्याय आहे. त्याने टीव्हीवर ऑपेरा केले, १९६१ ला टॉलस्टॉयच्या कादंबरीवरचं 'ॲना कॅरेनिना' केलं ज्यात ॲनाचा प्रियकर व्रॉन्स्की होता शॉन कॉनरी, बॉन्ड म्हणून पडद्यावर यायच्या आदल्या वर्षी. आणि १९६० च्या दशकात तो सरळ त्याच्या स्वतःच्या जखमेकडे वळला: महायुद्धातल्या लढाईवरचं 'स्टालिनग्राड', हिटलरला मारायच्या १९४४ च्या कटावरचं 'द जुलै प्लॉट', आणि 'द जोएल ब्रँड स्टोरी', जी नाझींच्या हातून ज्यूंना वाचवायला धडपडलेल्या माणसाची गोष्ट आहे. ब्रिटिश टीव्हीवर नाझी काळ नाटकातून मांडणाऱ्या सुरुवातीच्या लोकांत तो येतो, आणि ते त्याला ऐकीव माहितीवरून करायचं नव्हतं.

१९६३ पासून कॅनडाहून आलेल्या सिडनी न्यूमनने बीबीसीचा नाटक विभाग नव्याने बांधला आणि प्रोड्युसर वेगळा, दिग्दर्शक वेगळा अशी विभागणी केली. न्यूमनच्या बाजूने विचार केला तर मालिका वाढत होत्या, कामाचा पसारा वाढला होता, ही विभागणी गरजेचीच होती. पण ज्याने संहितेपासून शेवटच्या कॅमेरा कटपर्यंत सगळं स्वतः केलं होतं त्याला आता फक्त दिग्दर्शक म्हणून दिलेलं काम करायचं होतं. त्यातही त्याने १९६६ ला अमेरिकेचे अध्यक्ष केनेडी यांच्या मारेकऱ्यावरचं 'ली ओसवाल्ड: असासिन' केलं, लेखनातही हात होता. १९७६ ला शेवटचं दिग्दर्शन, नंतर बीबीसीसाठी परदेशी नाटकं वाचून कुठली घेण्यासारखी आहेत ते सांगायचं काम, आणि १९९४ च्या जूनमध्ये, ९० वर्षांचा होऊन तो लंडनमध्ये गेला.

बघायचं असेल तर १९५४ चं ते ऑर्वेलचं नाटक आधी बघा, मग 'क्वाटरमास अँड द पिट'. बघताना चित्राच्या पोताकडे लक्ष ठेवा, स्टुडिओतलं चित्र आणि फिल्मवरचं चित्र वेगळं दिसतं, फिल्म आली की प्रकाश आणि खोली एकदम बदलते. तो बदल जाणवला की ओळखायचं, आत्ता कुशिंग अंधारात केबल चुकवत पुढच्या सेटकडे निघालाय, आणि फिल्म किती सेकंदांची आहे ते मोजून बघा, म्हणजे त्याला किती वेळ मिळाला ते कळेल.